त्रिशूळ हरवलेला देव

कोल्हापूरच्या टाउन हॉल संग्रहालयात ब्राँझचा एक छोटा पुतळा आहे. उंची वीतभरही नाही. दाढीवाला, उघडा, कसलेल्या अंगाचा. गंगावेस तालमीच्या मातीतून आत्ताच उठून आलेला एखादा वस्ताद वाटावा. पण हा वस्ताद नव्हे, पोसायडन आहे, ग्रीकांचा समुद्रदेव. त्याचा एक हात उंचावलेला आहे. त्या हातात त्रिशूळ असायला हवा, आणि तो नाही.

शाळेच्या सहलीतलं एखादं चौकस पोरगं इथे हमखास विचारणार, ‘सर, ह्याच्या हातातलं कुठं गेलं?’ आणि सर म्हणणार, ‘पुढं चल.’

पुढच्या पानांतली मोहीम ‘पुढं चल’ न ऐकणाऱ्यांची आहे. ती काल्पनिक आहे, हे आधीच सांगितलेलं बरं. मोडी वाचणाऱ्या निवृत्त बाई, पंचगंगेत पोहायला शिकवणारा एक गडी, वाडवडिलांपासून धातू ठोकत आलेला एक तांबट आणि भूशास्त्र शिकणारी त्याची नात, ही चौघं या शहरात कुणाला भेटणार नाहीत. ज्या त्रिशुळाच्या मागे ती लागतात, तोही कुणी पाहिलेला नाही. पण ज्या जमिनीवर ती उभी आहेत ती मात्र खरी आहे. ती आधी माहीत असेल, तर कल्पना कुठे सुरू होते ते वाचकाला कळेल आणि गोष्टीची मजाही वाढेल. या प्रस्तावनेचं काम तेवढंच.

सुरुवात ब्रह्मपुरीपासून करावी लागते. शहराच्या पश्चिमेला, पंचगंगेच्या काठावरचं हे टेकाड. आजच्या रहदारीत ते टेकाड आहे हेही चटकन ध्यानात येत नाही. एकोणिसाव्या शतकात इथे नाण्यांचा साठा सापडला आणि विळिवायकुर, शिवलकुर अशी कानाला अनोळखी वाटणारी राजांची नावं अभ्यासकांपुढे आली. गौतमीपुत्र, वासिष्ठीपुत्र, माढरीपुत्र अशी आईच्या गोत्राची बिरुदं लावणारे हे कुर राजे. त्यांच्या नाण्यांवर एका बाजूला धनुष्यबाण, दुसऱ्या बाजूला कमानींवर कमानी रचून काढलेली टेकडी आणि झाड. बरीच नाणी शिशाची. टॉलेमी या ग्रीक भूगोलकाराने दुसऱ्या शतकात लिहिलेल्या भूगोलात ‘हिप्पोकुरा’ ही ‘बालेओकुरोस’ची राजधानी म्हणून येते. हा बालेओकुरोस म्हणजे विळिवायकुरच, असं बऱ्याच विद्वानांना वाटलं आणि त्यातल्या काहींनी हिप्पोकुरा कोल्हापुरातच बसवली. एकोणिसाव्या शतकातच कोल्हापुरात स्फटिकाचा एक करंडकही मिळाला, बौद्ध अवशेष ठेवण्याचा. त्यासोबतच्या ब्राह्मी लेखात दान देणाऱ्याचं नाव ब्रह्म आणि करवून घेणाऱ्याचं धम्मगुप्त असं आहे. अंबाबाईच्या आणि शाहूंच्या कोल्हापूरखाली असं आणखी एक कोल्हापूर झोपलेलं आहे.

मोठं घबाड मात्र 1944-45 साली हाती लागलं. राजाराम कॉलेजात कन्नड शिकवणारे प्रा. के. जी. कुंदणगार हे शिलालेखांचे जाणकार होते. उत्तर कर्नाटक आणि कोल्हापूर संस्थानातल्या शिलालेखांचा त्यांचा संग्रह 1939 साली छापला गेला होता. ब्रह्मपुरीवर त्यांनी केलेल्या खोदकामात धातूच्या वस्तूंचा साठा निघाला. त्यात हत्ती आणि त्यावरचे स्वार होते, आरसे होते, भांडी होती, सुबक मुठीचा एक पाश्चात्त्य घडणीचा चंबू होता आणि हा पोसायडन होता. मग डेक्कन कॉलेजचे ह. धी. सांकळिया आणि मो. गं. दीक्षित कोल्हापुरात आले आणि 1945-46 साली त्यांनी रीतसर उत्खनन केलं. अहवाल 1952 साली निघाला. शहरात संग्रहालय उभं राहिलं तेही याच धामधुमीत, 1946 साली. पुढे ते टाउन हॉलच्या इमारतीत गेलं. मेजर चार्ल्स मॅंटने 1870च्या दशकात बांधलेली ही टोकदार कमानींची इमारत. आत ग्रीकांचा देव, बाहेर इंग्रजी कमानी आणि रस्त्यापलीकडे सीपीआर दवाखान्याची गर्दी. कोल्हापूरला यात काहीच वावगं वाटत नाही.

योगायोग असा की त्याच 1945 साली पुद्दुचेरीजवळच्या अरिकामेडूला पुरातत्त्वज्ञ मॉर्टिमर व्हीलर खणत होते आणि तिथेही रोमन व्यापाराच्या खुणा निघत होत्या. सांकळियांनी विद्यार्थिदशेत इंग्लंडमध्ये याच व्हीलरांच्या हाताखाली, मेडन कॅसलच्या उत्खननात, धडे घेतले होते. गुरू पूर्व किनाऱ्यावर, शिष्य पश्चिम घाटाच्या माथ्याशी, आणि दोघांच्या खड्ड्यांतून भूमध्य समुद्र वर येतोय. एखाद्या कादंबरीकाराने हे रचलं असतं तर संपादकाने ‘फारच जुळवून आणलंय’ असा शेरा मारला असता.

आता खरा प्रश्न. हा देव इथवर आला कसा?

पहिल्या शतकात लिहिलेलं ‘पेरिप्लस’ नावाचं एक ग्रीक प्रवासपुस्तक आहे. लिहिणारा इजिप्तमधला कुणी व्यापारी असावा. पुस्तकाला ना शैली ना वर्णनं, नुसता धंद्याचा हिशोब: कुठल्या बंदरात काय विकायचं, काय घ्यायचं, कुठे खडक आहेत. नाईल नदीतून वर, मग उंटांवरून वाळवंट ओलांडून तांबड्या समुद्रावरची बेरेनिके किंवा मायोस होर्मोस ही बंदरं, तिथून नैर्ऋत्य मोसमी वाऱ्याच्या पाठीवर थेट हिंदुस्थान. भडोचला काय खपतं याची त्याची यादी वाचण्यासारखी आहे. दारू, त्यातही इटलीची अधिक पसंत. तांबं, कथील, शिसं, पोवळं. राजासाठी चांदीची भांडी आणि गाणारी मुलं. कोकणातल्या लहानमोठ्या बंदरांचीही तो नावं घेतो. बंदरातून माल बैलांच्या पाठीवर घाट चढायचा आणि देशावरच्या पेठांत पोचायचा. रत्नागिरी ते कोल्हापूर आज सव्वाशे किलोमीटरच्या आसपास आहे. बैलाच्या पावलांनी हे अंतर काही दिवसांचं.

म्हणजे जो देव खलाशांना समुद्रात सांभाळायचा, तो घाट चढून पाण्यापासून दूर, एका नदीकाठच्या गावात येऊन पडला. कुंदणगारांना मिळालेल्या साठ्यातली काही भांडी इटलीतल्या कंपानिया भागातल्या कारखान्यांतली असावीत, असं रिचर्ड डी प्यूमा यांच्यासारख्या अभ्यासकांनी घडणीवरून दाखवलं आहे. पोसायडनची उभं राहण्याची ढब लिसिपस या ग्रीक शिल्पकाराच्या नावाशी जोडली जाते. मूळ भव्य पुतळा कुठेतरी, आणि त्याच्या खिशात मावणाऱ्या रोमन नकला जगभर. आज अंबाबाईच्या दारातल्या दुकानांत देवीची पितळी मूर्ती मिळते, त्यातलाच प्रकार. फरक इतकाच की ही मूर्ती घेऊन निघालेल्याचा प्रवास फार लांबला.

इथपर्यंत पुरावा बोलतो. पुढचं कादंबरी बोलते. तिच्यात त्या काळच्या एका तांबटाच्या घरी हा सगळा साठा मोडीत आलेला आहे, वितळवून घंटा ओतण्यासाठी. तो देवाच्या हातातला त्रिशूळ आधी काढतो, कारण लहान तुकडा लवकर वितळतो. तो मुशीत घालणार एवढ्यात बाहेर नदी चढू लागते. त्रिशूळ वितळला की वाचला, याच गाठीवर सगळी मोहीम उभी आहे. एका मोडी कागदात ‘तीन दातांचा काटा’ असा ओझरता उल्लेख सापडतो आणि निवृत्त बाई घर सोडतात. तो कागद अर्थातच बनावट आहे, म्हणजे लेखकाने बनवलेला. कोल्हापूरच्या पुरालेखागारात जाऊन कुणी तो मागू नये.

मराठी माणसाला जादूच्या वस्तूची हौस जुनीच आहे, पण तिच्याविषयी एक अढीही आहे. परिसा भागवताची आख्यायिका घ्या. त्याच्याजवळचा परीस नामदेवांनी चंद्रभागेत टाकला. परिसा कांगावा करू लागला, तेव्हा नामदेवांनी नदीतून ओंजळभर खडे काढून पुढे धरले; सगळेच परीस. आता यातला तुझा कुठला तो ओळख! दुसऱ्या भाषांतल्या गोष्टींत नायक जादूची वस्तू मिळवण्यासाठी सात समुद्र ओलांडतो. आपल्याकडे ती मिळते पहिल्या पानावर आणि गोष्ट सुरू होते ती फेकून दिल्यावर.

गुप्तधनाचं मात्र उलट. तिथे अढी नाही, नुसती हाव. पायाळू माणसाच्या डोळ्यांत अंजन घातलं की त्याला जमिनीतला हंडा दिसतो, धनावर नाग बसलेला असतो, अमावास्येलाच खणायचं असतं, लिंबू कापायचं असतं. हे सगळं गावोगाव ठाऊक असतं, आणि यापायी घरांच्या भिंती उकरल्याच्या, क्वचित त्याहून भयंकर प्रकारांच्या बातम्या आजही येतात. महाराष्ट्राने 2013 साली केलेल्या जादूटोणाविरोधी कायद्यात गुप्तधनासाठी केलेली अघोरी कृत्यं म्हणूनच गुन्हा ठरली. त्याहून जुना कायदा 1878चा, ब्रिटिशांचा. जमिनीत पुरलेलं दहा रुपयांहून जास्त किमतीचं काही सापडलं, तर जिल्हाधिकाऱ्याला लेखी कळवायचं. दहा रुपये! आज तेवढ्यात धड चहाही येत नाही, त्यामुळे कायद्याच्या अक्षराने पाहिलं तर परसात सापडलेली बरी घागरही कलेक्टर कचेरीत नोंदवायला हवी. मोहिमेतला तांबट या कलमावरून नातीशी जो वाद घालतो, तो पुस्तकातला सगळ्यात खुसखुशीत भाग आहे.

गुप्तधनवाला आणि उत्खनन करणारा दोघंही खणतात. पण गुप्तधनवाल्याला वस्तू हवी असते, आणि उत्खनन करणाऱ्याला वस्तू जिथे पडली होती ती जागा. तिच्यावर कुठला थर होता, खाली कुठला, शेजारी राख होती की विटा, हे टिपून ठेवल्याशिवाय तो पोसायडनलासुद्धा हात लावणार नाही. सांकळिया-दीक्षितांच्या अहवालात सातवाहन काळातल्या विटांच्या घरांना जितकी जागा आहे, तितकीच वरच्या बहामनी थरातल्या काचेच्या बांगड्यांच्या तुकड्यांना आहे. दीक्षित तर मणी आणि काच यांतले देशातले मोठे जाणकार. भारतीय काचेच्या इतिहासावर त्यांनी पुढे ग्रंथच लिहिला. बाजारात त्या तुकड्यांना कवडीची किंमत नाही. मोहिमेतल्या भूशास्त्र शिकणाऱ्या मुलीला लेखकाने हीच दृष्टी दिली आहे. तिच्यामुळे मोहीम दर दोन प्रकरणांनी अडते. वाचक कधी कधी वैतागतो, बाकीची तिघं तर कायमच वैतागलेली असतात.

या जातीच्या मराठी गोष्टींना पूर्वज कमी नाहीत. हळब्यांची ‘मुक्तामाला’ 1861ची, रिसबुडांची ‘मंजुघोषा’ 1868ची. अद्भुताची मनसोक्त उधळण करणाऱ्या या कादंबऱ्या पुढच्या वास्तववादी पिढीने हसण्यावारी नेल्या, आणि ते थोडं अन्यायाचं झालं. जादू पडद्यावर आणण्यात कोल्हापूर तर पुढेच होतं. बाबूराव पेंटरांनी इथेच देशी कॅमेरा बनवला, आणि 1929 साली इथेच सुरू झालेल्या ‘प्रभात’ने पुण्याला जाण्याआधी, 1932 साली, ‘माया मच्छिंद्र’ काढला. पण या मोहिमेचा सगळ्यात जवळचा नातेवाईक वेगळाच आहे. जयंत नारळीकरांचा जन्म कोल्हापूरचा, 19 जुलै 1938चा. त्यांच्या ‘वामन परत न आला’ या कादंबरीत जमिनीखाली खोलवर एक पेटी सापडते आणि तिच्यात हजारो वर्षांपूर्वीच्या एका प्रगत संस्कृतीचं ज्ञान असतं. तिथे जादू नाही, विज्ञान आहे. पण सापडलेली वस्तू नुसती सुंदर नसते, ती सापडणाऱ्यावर जबाबदारी टाकते, हे सूत्र नारळीकरांनी मराठीत पक्कं रुजवलं. ही मोहीम त्याच वाटेने जाते, फक्त प्रयोगशाळेऐवजी नदीतून.

नदीतूनच का? कारण कोल्हापूरच्या मनात पाणी फुटांत मोजलं जातं.

जुलै लागला की या शहरात माणसं एकमेकांना भेटल्यावर ‘किती झालं?’ असं विचारतात, आणि विचारणाऱ्याला पगार नको असतो की भाव. त्याला राजाराम बंधाऱ्यावरची पातळी हवी असते. 39 फूट म्हणजे इशारा, 43 म्हणजे धोका. ऑगस्ट 2019 मध्ये पाणी 55 फुटांच्या वर गेलं. प्रयाग चिखलीसारखी गावं बुडाली, माणसं होड्यांतून काढावी लागली, हजारो जनावरं अडकली. दोनच वर्षांनी, 2021 च्या जुलैत, पुन्हा तेच. कासारी, कुंभी, तुळशी, भोगावती आणि लोकांच्या श्रद्धेतली गुप्त सरस्वती अशा पाच नद्यांची ही पंचगंगा. प्रयागला तो संगम होतो आणि नरसोबाच्या वाडीला ती कृष्णेला मिळते. कृष्णेलाच फुगवटा असला की पंचगंगेला जायला जागा उरत नाही आणि ती गावात शिरते.

ग्रीक कथांत पोसायडन त्रिशूळ आपटतो तेव्हा झरे फुटतात, समुद्र खवळतो, जमीन हादरते. भूकंपाचाही देव तोच. 11 डिसेंबर 1967 च्या पहाटे कोयना हादरली, तेव्हा या पट्ट्यातली माणसं अंथरुणातून अंगणात पळाली होती. ज्यांनी ते अनुभवलं, त्यांना ‘धरणीकंपाचा देव’ ही कल्पना परकी वाटायचं कारण नाही. कादंबरीतल्या त्रिशुळाचं काम उलटं आहे: तो आपटला की पाणी उतरतं. 2019 नंतरच्या कोल्हापुरात अशी वस्तू असल्याची नुसती कुणकूण लागली तरी काय होईल? कोण ती मागेल, कोण विकेल, वरच्या गावाचं पाणी उतरवलं तर ते खालच्या गावात जाईल की नाही? नदीच्या खालच्या अंगाच्या शिरोळ तालुक्यातल्या माणसाला हा शेवटचा प्रश्न समजावून सांगावा लागत नाही. जादूची वस्तू कुठलीही घेऊन चालत नाही. जिथली गोष्ट आहे तिथल्या माणसांची झोप कशाने उडते, त्यावरून ती ठरावी लागते. या पुस्तकाचं मोठं शहाणपण इथे आहे.

एक गंमत राहिली. पाणी स्वतःहून ओळखणारी एक वस्तू कोल्हापूर जिल्ह्यात खरोखरच आहे, आणि तिला शोधायला मोहीम नको, एसटी पुरते. भोगावती नदीवर राधानगरीचं धरण शाहू महाराजांनी विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकात हाती घेतलं. तिथे सात स्वयंचलित दरवाजे आहेत. त्यांना वीज लागत नाही, बटण दाबायला माणूस लागत नाही. ठरलेल्या पातळीच्या वर पाणी चढलं की त्याच्याच दाबाने तोल बदलतो आणि दार उघडतं. पाणी उतरलं की आपोआप मिटतं. ‘राधानगरीचा तिसरा दरवाजा उघडला’ ही बातमी पावसाळ्यात कोल्हापूरकर दूध-भाकरीइतक्या सवयीने ऐकतो. मोहिमेतली चौघं एका रात्री या दारांसमोर उभी असतात, तेव्हा सहावा दरवाजा उघडतो, आणि पोहायला शिकवणारा तो गडी म्हणतो, ‘आपण शोधतोय ते आपल्या आज्याच्या वेळेलाच कुणीतरी बांधून ठेवलंय की!’ पण राधानगरीची दारं धरण वाचवतात, खालचं गाव नव्हे, हेही तो दुसऱ्याच वाक्यात बोलून दाखवतो. म्हणून शोध थांबत नाही.

एक चूक मात्र ही मंडळी बराच काळ करतात, आणि ती इथे फोडली तरी रहस्य जात नाही. समुद्रदेवाची वस्तू म्हणून ती पश्चिमेकडे निघतात: आंबा घाट, साखरपा, रत्नागिरी. दहा-बारा प्रकरणं त्यात जातात, कोकणातल्या एका खाडीवर सगळे मार खाऊन परत येतात. नातीने पहिल्याच दिवशी नकाशावर बोट ठेवून सांगितलेलं कुणी मनावर घेतलेलं नसतं. देव पश्चिमेकडून आला खरा, पण ब्रह्मपुरीवरून जे नदीत पडलं ते पूर्वेला जाणार. पंचगंगा अरबी समुद्राला मिळत नाही. ती कृष्णेला मिळते, आणि कृष्णा कर्नाटक, तेलंगण, आंध्र ओलांडून बंगालच्या उपसागराला. घाट चढून आलेला समुद्र दुसऱ्या बाजूने उतरून दुसऱ्या समुद्राला जायला निघालेला. भाषा तीन, राज्यं चार, धरणं कितीतरी. कुंदणगार कन्नडचे प्राध्यापक होते आणि कोल्हापूरच्या मातीतले शिलालेख वाचत होते, हे लेखकाला मोहिमेच्या उत्तरार्धात फार उपयोगी पडलं आहे.

पुस्तक हातात घेण्याआधी जमलं तर एकदा टाउन हॉलच्या बागेतून आत जाऊन यावं. तिथली शस्त्रं, चित्रं, दगडी मूर्ती सावकाश पाहाव्यात आणि त्या छोट्या देवाच्या रिकाम्या हातापाशी जरा थांबावं. त्या हातात काय होतं याचा अंदाज प्रत्येकाने आपला आपण करावा. लेखकाने केलेला पुढे आहेच. त्याच्या गोष्टीचं पहिलं वाक्य येतं तेव्हा रात्रीचे अडीच वाजलेले आहेत, राजाराम बंधाऱ्यावर पाणी 41 फुटांवर आहे, आणि राधानगरीच्या बाजूला पाऊस थांबलेला नाही.